बोलींचे शब्द आणि त्यांचे अर्थ : रायपूरचे उदाहरण

नवी भाषा शिकू लागलेल्या माणसाला पहिली अडचण व्याकरणाची वाटते. नामांची रूपे, क्रियापदांचे काळ, लिंग आणि वचन यांचे नियम पाठ झाले की भाषा आली, अशी त्याची समजूत असते. वस्तुतः खरी अडचण त्यानंतर सुरू होते. वाक्यातील प्रत्येक शब्द ओळखीचा असतो आणि तरीही वाक्याचा अर्थ लागत नाही. 'तिला दिवस गेले' हे वाक्य मराठी शिकणाऱ्या परक्या माणसापुढे ठेवावे. 'दिवस' त्याला ठाऊक असतो, 'जाणे' हे क्रियापदही ठाऊक असते. त्या स्त्रीच्या आयुष्यातील काही काळ लोटला, असा अर्थ तो करील. ती गरोदर आहे, हे त्याला कळणार नाही. हीच गोष्ट सांगण्यासाठी हिंदी भाषा 'पाँव भारी होना' असा प्रयोग करते. तो ऐकून मराठी माणसाला त्या स्त्रीचे पाय सुजले असावेत असे वाटल्यास नवल नाही.

संस्कृत साहित्यशास्त्राने शब्दाच्या या सामर्थ्याचा विचार फार पूर्वी केला आहे. सरळ अर्थ सांगणारी ती अभिधा; सरळ अर्थ जुळत नाही तेव्हा त्याच्याशी संबद्ध असा दुसरा अर्थ देणारी ती लक्षणा; आणि या दोहोंच्या पलीकडील अर्थ सुचविणारी ती व्यंजना. लक्षणेचा एक प्रकार रूढीवर आधारलेला असतो. त्याचे उदाहरण म्हणून 'कुशल' हा शब्द नेहमी दिला जातो. कुश नावाचे धारदार गवत हाताला इजा होऊ न देता तोडून आणतो तो कुशल, अशी या शब्दाची फोड सांगतात. आज आपण कुशल कारागीर म्हणतो तेव्हा गवताची आठवण कोणालाही होत नाही. मूळ प्रसंग विसरला गेला आणि अर्थ तेवढा उरला.

वाक्प्रचार, म्हणी आणि स्थानिक बोलींतील खास शब्द यांचे अर्थ असे रूढीने ठरलेले असतात, आणि रूढी ही विशिष्ट ठिकाणच्या विशिष्ट लोकांची असते. म्हणून अशा शब्दांचा अर्थ विचारताना शब्दाबरोबरच त्या लोकांचे जीवनही विचारात घ्यावे लागते. हे न केल्यास केवळ भाषांतर चुकते असे नाही. बोलणाऱ्या माणसाविषयीचे मतही चुकते. ही गोष्ट स्पष्ट होण्यासाठी छत्तीसगढी, हिंदी आणि मराठी या तीन भाषा शेजारी शेजारी नांदत असलेल्या रायपूर शहराचे उदाहरण येथे घेतले आहे.

तीन भाषांचे शहर

१७४१ मध्ये नागपूरकर भोसल्यांचे सेनानी भास्करराम यांनी रतनपूरवर स्वारी केली आणि छत्तीसगढ भोसल्यांच्या वर्चस्वाखाली आले. १७५८ पासून १७८७ पर्यंत बिंबाजी भोसले रतनपूरला राहून तेथील कारभार पाहत होते. १८१८ मध्ये या प्रदेशाची देखरेख ब्रिटिशांकडे आली व त्यांचे अधीक्षक कर्नल अॅग्न्यू यांनी कारभाराचे ठाणे रतनपूरहून रायपूरला हलविले. १८५४ मध्ये नागपूरचे राज्य खालसा झाले आणि १८६१ मध्ये नागपूर ही राजधानी असलेला मध्य प्रांत अस्तित्वात आला. तेव्हापासून १९५६ च्या राज्य पुनर्रचनेपर्यंत, म्हणजे जवळजवळ शंभर वर्षे, नागपूर आणि रायपूर ही शहरे एकाच प्रांतात होती. या काळात अनेक मराठी कुटुंबे शिक्षक, वकील, कारकून आणि रेल्वेचे नोकर म्हणून रायपूर परिसरात स्थायिक झाली.

या मराठी मंडळींपैकी माधवराव सप्रे यांचे नाव सर्वपरिचित आहे. त्यांचा जन्म १८७१ मध्ये दमोह जिल्ह्यातील पथरिया येथे झाला. १९०० मध्ये त्यांनी पेंड्रा येथून 'छत्तीसगढ मित्र' हे हिंदी मासिक सुरू केले. पुढे रामदासांचा 'दासबोध' आणि टिळकांचे 'गीतारहस्य' हे दोन मराठी ग्रंथ त्यांनी हिंदीत आणले. १९२६ मध्ये रायपूर येथेच त्यांचे निधन झाले. एका भाषेतील विचार दुसऱ्या भाषेत नेणारा एवढा मोठा अनुवादक या शहरात वावरला, ही गोष्ट आपल्या विषयाच्या दृष्टीने लक्षणीय आहे.

मात्र रायपूरच्या आसपासच्या खेड्यांची भाषा मराठी नव्हे आणि पुस्तकी हिंदीही नव्हे. ती छत्तीसगढी आहे. जॉर्ज ग्रिअर्सन यांनी भारतातील भाषांची जी पाहणी केली, तीत छत्तीसगढीचा समावेश अवधी आणि बघेली यांच्याबरोबर पूर्व हिंदीत केला आहे. दक्षिणेकडील बस्तरची हलबी मात्र त्यांनी मराठीच्या खंडात घातली, कारण तीत मराठी, छत्तीसगढी आणि ओडिया या तिन्ही भाषांचे धागे मिसळलेले आहेत. २०११ च्या जनगणनेत सुमारे १ कोटी ६२ लाख लोकांनी छत्तीसगढी ही आपली मातृभाषा म्हणून नोंदविली. तथापि जनगणनेच्या वर्गीकरणात हा आकडा हिंदी या शीर्षकाखाली मोडतो. २००० साली छत्तीसगढ राज्य निर्माण झाले आणि २००७ मध्ये राज्याच्या विधानसभेने हिंदीबरोबर छत्तीसगढीलाही राजभाषेचा दर्जा देणारे विधेयक संमत केले. कागदोपत्री मान मिळाला, तरी ही बोली म्हणजे अशुद्ध हिंदी होय, ही जुनी समजूत त्यामुळे लगेच नाहीशी झाली नाही.

एका शिक्षकाचे व्याकरण

ही समजूत चुकीची आहे हे दाखविणारे काम सव्वाशेहून अधिक वर्षांपूर्वीच झाले होते. धमतरी येथील शाळेचे मुख्याध्यापक हिरालाल काव्योपाध्याय यांनी १८८५ मध्ये छत्तीसगढी बोलीचे व्याकरण लिहून पूर्ण केले. ग्रिअर्सन यांनी त्याचा इंग्रजी अनुवाद करून तो १८९० मध्ये बंगालच्या एशियाटिक सोसायटीच्या नियतकालिकात प्रसिद्ध केला. पुढे लोचनप्रसाद पांडेय यांनी सुधारलेली व वाढविलेली त्याची आवृत्ती १९२१ मध्ये कलकत्त्याहून पुस्तकरूपाने निघाली.

हिरालाल केवळ नामे आणि क्रियापदे यांची कोष्टके देऊन थांबले नाहीत. त्यांनी म्हणी, कोडी, कथा, गीते आणि संवाद यांनाही व्याकरणात जागा दिली. छत्तीसगढीत म्हणीला 'हाना' आणि कोड्याला 'जनउला' म्हणतात. व्याकरणाच्या पुस्तकात हाना आणि जनउला कशासाठी, असा प्रश्न पडणे शक्य आहे. त्याचे उत्तर ग्रिअर्सन यांच्या पुढील पाहणीच्या पद्धतीवरून मिळते. त्या पाहणीत निरनिराळ्या बोलींची तुलना करता यावी म्हणून बायबलमधील उधळ्या मुलाची गोष्ट प्रत्येक बोलीत उतरवून घेण्यात आली. तुलनेसाठी ही युक्ती चांगली होती. पण बाहेरून आलेली गोष्ट भाषांतरित करणारा माणूस आपल्या बोलीचे प्रत्यय वापरतो, तिचे वाक्प्रचार त्याला सहसा सुचत नाहीत. म्हणून प्रत्येक बोलीतील एखादी स्थानिक कथा, गीत किंवा जबानीही नमुना म्हणून घेण्याची सोय त्या पाहणीत ठेवली होती. प्रत्ययांच्या कोष्टकातून बोलीचे शरीर कळते. तिचे चालणे-बोलणे पाहावयाचे तर त्या लोकांनी आपसांत म्हटलेलेच ऐकावे लागते. हिरालाल त्याच मुलखातले असल्यामुळे त्यांना हे सांगावे लागले नाही.

ओळखीचे शब्द, अनोळखी अर्थ

शेजारच्या भाषांमधील सर्वांत फसवे शब्द म्हणजे अगदी ओळखीचे वाटणारे शब्द. अनोळखी शब्द भेटला की आपण थांबतो आणि विचारतो. ओळखीचा शब्द भेटला की न विचारता पुढे जातो.

'गोड़' हा शब्द पाहा. मराठी कानाला तो 'गोड' असा ऐकू येतो. छत्तीसगढीत त्याचा अर्थ पाय असा आहे. 'गोड़ पिराथे' म्हणजे पाय दुखतो. 'पिराना' हे क्रियापद पीडेशी संबंधित आहे. तसेच 'काली आहूँ' असे कोणी म्हणाला तर मराठी माणसाच्या मनात कालचा दिवस येतो; बोलणारा मात्र उद्या येईन असे सांगत असतो. हिंदी 'कल' या शब्दाप्रमाणे छत्तीसगढी 'काली' हा शब्द गेलेल्या आणि येणाऱ्या अशा दोन्ही दिवसांना लागू पडतो, आणि कोणता दिवस अभिप्रेत आहे ते क्रियापदावरून ठरते. 'हव' म्हणजे होय. पुण्याकडील माणसाला येथे 'हवे' या अर्थाचा भास होईल. नागपूर-वऱ्हाडकडील माणसाला मात्र तो होणार नाही, कारण त्याच्या बोलीतही होकारासाठी असाच उच्चार आहे.

नातेवाचक शब्दांत हा घोटाळा अधिक गंभीर होतो. मराठीत आणि हिंदीत 'दाई' म्हणजे सुईण किंवा मूल सांभाळणारी बाई. छत्तीसगढीत 'दाई' म्हणजे आई. 'मोर दाई ल जर धरे हे' असे एखादा मुलगा दवाखान्यात सांगू लागला, तर आपल्या आईला ताप आला आहे असे त्याचे म्हणणे असते. ऐकणाऱ्याला ही बोली येत नसेल, तर हा मुलगा कोणा सुईणीविषयी बोलत आहे असे त्याला वाटेल. 'बाबू' या शब्दाने कचेरीतील कारकून आठवतो. छत्तीसगढी घरात 'बाबू' म्हणजे लहान मुलगा आणि 'नोनी' म्हणजे लहान मुलगी. 'बाई' या शब्दाची तर तीन रूपे एकाच शहरात भेटतात. मराठी कुटुंबात 'बाई' म्हणजे शाळेतील शिक्षिका किंवा मान्य स्त्री. छत्तीसगढी माणूस 'मोर बाई' म्हणतो तेव्हा तो आपल्या पत्नीविषयी बोलत असतो. आणि शहरी हिंदीत तोच शब्द घरकाम करणाऱ्या स्त्रीला लावला जातो. यांपैकी एक अर्थ खरा आणि बाकीचे खोटे असे म्हणता येत नाही. तिन्ही आपापल्या घरी खरे आहेत.

वाक्प्रचारांचीही हीच स्थिती असते. आजच्या मराठीत एखाद्याचे 'कान फुंकणे' म्हणजे चहाडी सांगून त्याचे मन कलुषित करणे. छत्तीसगढच्या खेड्यात अमक्याने 'कान फुँकाया' असे म्हटले, तर त्याने गुरूकडून मंत्र घेतला असा अर्थ होतो. दोन्ही प्रयोगांचे मूळ एकच आहे. गुरू शिष्याच्या कानात मंत्र सांगतो, ही जुनी पद्धत. मराठीतही 'कानमंत्र' या शब्दात ती खूण शिल्लक आहे, आणि भोंदू गुरूला 'कानफुंक्या' म्हणण्याची चाल होती. एका ठिकाणी मूळ विधी जिवंत राहिला म्हणून अर्थही पूर्वीचाच राहिला. दुसऱ्या ठिकाणी शिष्याच्या भोळेपणाचा गैरफायदा घेणाऱ्यांमुळे त्या अर्थाला वाईट रंग चढला.

म्हणींतील शेत आणि पंचांग

हाना आणि मराठी म्हणी शेजारी शेजारी ठेवून पाहिल्या, तर काही ठिकाणी आश्चर्यकारक साम्य आढळते. 'कउँवा के रटे ले ढोर नइ मरय' ही छत्तीसगढी म्हण वाचताच मराठी वाचकाला 'कावळ्याच्या शापाने गाय मरत नाही' ही म्हण आठवेल. गुरे पाळणाऱ्या दोन्ही समाजांनी मेलेल्या जनावराभोवती जमणारे कावळे पाहिलेले आहेत. फरक आहे तो बारकाव्यात. मराठी कावळा शाप देतो, तर छत्तीसगढी कावळा तेच ते रटत राहतो. म्हणून मराठी म्हणीचा रोख दुष्ट माणसाच्या तळतळाटाकडे आहे, तर हान्याचा रोख कोणाचे तरी वाईट व्हावे असा सारखा घोष लावणाऱ्याकडे आहे.

दुसरे उदाहरण पंचांगाचे. 'दुब्बर बर दू असाढ़', म्हणजे आधीच दुबळा आणि त्याच्या वाट्याला दोन आषाढ. मराठीत आपण 'दुष्काळात तेरावा महिना' म्हणतो. चांद्र महिन्यांचे वर्ष सौर वर्षापेक्षा सुमारे अकरा दिवसांनी लहान असल्यामुळे सुमारे बत्तीस-तेहतीस महिन्यांनी एक अधिक महिना धरावा लागतो. त्या वर्षी महिने तेरा होतात. हाच अधिक महिना आषाढाला जोडून आला की दोन आषाढ होतात. १९९६ आणि २०१५ या वर्षी तसे झाले होते. मराठी म्हणीने केवळ महिन्यांची संख्या मोजली, छत्तीसगढी म्हणीने त्यांतला एक विशिष्ट महिना निवडला. याचे कारण भातशेतीत आहे. आषाढात नांगरणी-पेरणीची कष्टाची कामे असतात, मागील वर्षीचे धान्य संपत आलेले असते आणि नवे भात हाती येण्यास काही महिने अवकाश असतो. अशा वेळी आषाढच लांबला, तर गरीब घराने काय करावे? विशेष म्हणजे शेजारच्या ओडिशात, पुरी येथे, दोन आषाढांचे वर्ष ही आनंदाची वार्ता असते, कारण जगन्नाथाच्या मूर्ती बदलण्याचा नवकलेवर सोहळा अशाच वर्षी होतो. पंचांगातील घटना तीच. पण भाविकाच्या मनात तिचा अर्थ एक आणि रिकाम्या कणगीपुढे उभ्या असलेल्या शेतकऱ्याच्या मनात दुसरा.

काही म्हणी सारख्या वाटतात, पण सारख्या नसतात. 'चलनी म दूध दुहय अउ करम ल दोस दय', म्हणजे चाळणीत दूध काढावे आणि दैवाला दोष द्यावा. याला प्रतिशब्द म्हणून 'नाचता येईना अंगण वाकडे' ही म्हण सुचते. दोन्हींत दोष दुसऱ्यावर ढकललेला आहे, हे खरे. परंतु मराठी म्हणीतील माणसाला कला येत नाही आणि तो ते लपवितो, तर छत्तीसगढी म्हणीतील माणसाने स्वतःच्या अविचाराने स्वतःचे नुकसान करून घेतले आहे. पहिल्याला आपण हसतो. दुसऱ्याला हसताना थोडी कीवही येते. अनुवादकाने एकीच्या जागी दुसरी घातली, तर वाक्य सुबक होईल, पण हसणे बदलेल.

कधी एकाच शब्दात संपूर्ण म्हण सामावलेली असते. दुसऱ्याच्या सांगण्यावर चालणाऱ्या, स्वतः विचार न करणाऱ्या माणसाला छत्तीसगढीत 'परबुधिया' म्हणतात. मराठीत हीच गोष्ट सांगावयास 'दुसऱ्याच्या ओंजळीने पाणी पिणे' असा लांब प्रयोग करावा लागतो. कधी मूळ वस्तू व्यवहारातून गेली तरी शब्द मागे राहतो. छत्तीसगढात भात मोजताना वीस काठ्यांची एक खाँड़ी धरीत. मराठी मुलखातील खंडी वीस मणांची असे. मेट्रिक मापे आल्यावर खंडी बाजारातून गेली, पण 'खंडीभर कामे पडली आहेत' असे आपण अजूनही म्हणतो.

देवळालीचा ताप

अशा शब्दांचे अर्थ कसे घडतात हे पाहण्यासाठी इंग्रजीतील एक उदाहरण उपयोगी पडेल, आणि त्याचे मूळ महाराष्ट्रातच आहे. ब्रिटनमध्ये वेडसर माणसाला बोलीभाषेत 'डुलाली' म्हणतात. हा शब्द म्हणजे नाशिकजवळच्या देवळालीचे इंग्रजी शिपायांच्या तोंडी झालेले रूप होय. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात नोकरीची मुदत संपलेल्या गोऱ्या शिपायांना मायदेशी जाणारे जहाज मिळेपर्यंत देवळालीच्या छावणीत ठेवीत. जहाजे वर्षातील थंडीच्या महिन्यांतच सुटत. हंगाम संपता संपता आलेल्या शिपायाला पुढील हंगामापर्यंत कित्येक महिने तेथे काढावे लागत. काम नाही, उकाडा भयंकर, जवळ साठलेला पगार आणि मद्य. कित्येकांचे मानसिक संतुलन ढळे. अशा अवस्थेला शिपाई 'डुलाली टॅप' म्हणू लागले. त्यातील 'टॅप' म्हणजे आपला 'ताप'. पुढे ताप गळून पडला आणि केवळ गावाचे नाव वेडाचा वाचक बनून राहिले.

इंग्रजी शब्दकोश या शब्दाचा अर्थ 'वेडसर' असा देतो, आणि तो चूक नाही. परंतु जहाजाची वाट पाहत खितपत पडलेला शिपाई त्या अर्थात दिसत नाही. हिंदुस्थानात राहिलेल्या इंग्रजांच्या बोलीतील अशा हजारो शब्दांचा संग्रह यूल आणि बर्नेल यांनी केला आणि तो १८८६ मध्ये 'हॉब्सन-जॉब्सन' या नावाने प्रसिद्ध झाला. हे नावदेखील मोहरममधील 'या हसन, या हुसेन' या घोषाचे शिपायांनी केलेले रूपांतर आहे. शोकाचा उद्गार न समजता ऐकला, तर त्याचे काय होते, याचे ते बोलके उदाहरण आहे.

अर्थाबरोबर मान

येथपर्यंत पाहिलेल्या गैरसमजांपैकी काही केवळ गमतीचे आहेत. परंतु शब्दाबरोबर माणसाचा मानही जोडलेला असतो, आणि तेथे अर्थ चुकला तर अन्याय होतो.

'टुरा' आणि 'टुरी' हे मुलगा आणि मुलगी यांसाठी छत्तीसगढीतील नित्याचे शब्द आहेत. भंडारा-गोंदियाकडील झाडीबोलीतही ते आढळतात. पुस्तकी हिंदी बोलणाऱ्याच्या कानाला मात्र ते उद्धट वाटतात. 'बासी' या शब्दाचेही तसेच. हिंदीत 'बासी' म्हणजे शिळे, टाकाऊ. छत्तीसगढात रात्री शिजविलेला भात पाण्यात भिजत ठेवून सकाळी खातात, त्याला 'बासी' म्हणतात. त्याच दिवशी भिजविलेला तो 'बोरे'. उन्हात काम करणाऱ्याला हे अन्न थंडावा देते, इंधन वाचविते आणि शिजविलेला भात वाया जाऊ देत नाही. आपण बासी खाऊन आलो, असे शाळेत एखाद्या मुलाने सांगितले आणि शिक्षकाच्या चेहऱ्यावर कीव किंवा तिटकारा उमटला, तर त्या मुलाला आपल्या घरच्या न्याहारीची लाज वाटू लागते. २०२२ च्या कामगार दिनी राज्य सरकारनेच लोकांना बोरे-बासी खाण्याचे आवाहन केले. शब्दाला आणि त्याबरोबर श्रमाला मान मिळवून देण्याचा तो एक प्रयत्न होता.

'जोहार' या शब्दाची कथा सर्वांत विचार करावयास लावणारी आहे. छत्तीसगढ आणि झारखंड येथील आदिवासी समाजात 'जोहार' हे अभिमानाने केलेले अभिवादन आहे. 'जय जोहार' म्हणून लोक एकमेकांचे स्वागत करतात. मराठी मुलखात मात्र गावगाड्यात महार समाजाने वरच्या जातींना करावयाचे वंदन म्हणून हा शब्द रूढ होता. चोखामेळा आणि एकनाथ यांच्या रचनांत त्याची साक्ष सापडते. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या चळवळीत स्वाभिमान जागा झाला तेव्हा समाजाने तो जोहार टाकून दिला आणि 'जय भीम' हे अभिवादन स्वीकारले. शब्द एकच, एका मुलखात त्याचा त्याग करणे हा स्वाभिमान, दुसऱ्या मुलखात त्याचा उच्चार करणे हा स्वाभिमान. रायपूरमध्ये हे दोन्ही इतिहास बाळगणारी माणसे एकाच रस्त्यावर भेटू शकतात. कोणता अर्थ धरावा, हे शब्दकोश ठरवू शकत नाही. समोरचा माणूस कोण आहे आणि तो शब्द कोणत्या भावनेने उच्चारीत आहे, यावरच ते ठरते.

योग्य शब्द निवडल्याने काय साधते याचेही उदाहरण याच राज्यात आहे. छत्तीसगढात दोन कुटुंबांतील व्यक्ती विधिपूर्वक जन्माची मैत्री जोडतात. त्यांना 'मितान' म्हणतात. भोजलीचे कोवळे अंकुर एकमेकींना देऊन मैत्रिणी झालेल्या स्त्रिया त्यानंतर परस्परांना नावाने न हाकारता 'भोजली' म्हणून संबोधितात. २००२ मध्ये गावोगावी आरोग्यसेविका नेमण्याची योजना राज्यात सुरू झाली, तेव्हा त्यांना 'मितानिन' हे नाव देण्यात आले. इंग्रजी पदनाम किंवा जड संस्कृत संज्ञा वापरली असती, तर ती स्त्री सरकारची माणूस ठरली असती. मितानिन या नावाने ती घरची ठरली.

अर्थ विचारण्याची रीत

अपरिचित वाक्प्रचार किंवा बोलीतील शब्द भेटला असता वाचकाने काय करावे? प्रथम, तो शब्द ओळखीचा वाटत असेल तर अधिक सावध व्हावे. दुसरे, 'याचा अर्थ काय' एवढेच न विचारता 'हे केव्हा म्हणतात' असे विचारावे. अर्थ विचारला की बोलणारा एखादा प्रतिशब्द देऊन मोकळा होतो. प्रसंग विचारला की तो गोष्ट सांगतो, आणि खरा अर्थ त्या गोष्टीत असतो. तिसरे, कोण कोणाला म्हणतो ते पाहावे. आईने मुलाला म्हटलेला 'टुरा' आणि परक्याने रागाने म्हटलेला 'टुरा' एक नव्हेत. चौथे, आपल्या भाषेतील जवळची म्हण सुचली तरी ती कोठे जुळते आणि कोठे जुळत नाही, हे दोन्ही तपासावे.

मराठीत या दिशेने मोठे काम झालेले आहे. य. रा. दाते आणि चिं. ग. कर्वे यांनी 'महाराष्ट्र वाक्संप्रदाय कोश' दोन भागांत सिद्ध केला, आणि आजही तो ग्रंथालयांतून पाहावयास मिळतो. तथापि असा कोश कितीही मोठा असला तरी बोलणारी माणसे रोज नवे प्रसंग जगत असतात आणि जुने विसरत असतात. खंडीने भात मोजणारी पिढी गेली. पंचांगातील दुसऱ्या आषाढाची धास्ती घेणारी घरे कमी होत आहेत. अशा पिढीचे शब्द तिच्या हयातीतच, प्रसंगासह, लिहून घेतले पाहिजेत. धमतरीच्या एका शिक्षकाने १८८५ मध्ये हे काम आपल्या शाळेच्या परिसरात केले होते. २०२० च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणाने शक्य तेथे किमान पाचवीपर्यंत घरच्या भाषेतून शिक्षण द्यावे असे म्हटले आहे. ते प्रत्यक्षात यावयाचे असेल, तर मुलाच्या तोंडचा शब्द चूक म्हणून खोडण्यापूर्वी शिक्षकाने त्याला एक प्रश्न विचारावयास हवा : तुमच्या घरी हे केव्हा म्हणतात?